वरचा विस्तव

नायगावच्या बीडीडी चाळीत, १६० चौरस फुटांच्या एका खोलीत, २० मार्च २०१९च्या पहाटे ओट्यावर दोन पातेल्यांत दोन डाळी भिजत होत्या. एकात हरभऱ्याची, दुसऱ्यात तुरीची. त्या दिवशी होळी होती आणि दुसऱ्या दिवशी जमशेदी नवरोज. होळी तिथीने येते, नवरोज सूर्याच्या हिशेबाने २१ मार्चला; दोन्ही असे पाठोपाठ क्वचितच येतात. हरभऱ्याची डाळ घरच्या पुरणपोळीसाठी होती, तुरीची पारशी गिऱ्हाइकांच्या दारनी पोरीसाठी. सासूबाईंनी दोन्ही पातेल्यांवर झाकणं ठेवली आणि सुनेला बजावलं, "नीट बघून घे गो. पारशांचं पुरण देवाला नको दाखवूस."

सून तेव्हा त्रेपन्न वर्षांची. त्यातली छत्तीस वर्षं तिचे हात या पोरीत मळलेले. तरी ती नेमकी काय चीज आहे, हे तिला सासूबाईंना कधी धड सांगता आलं नव्हतं. 'पुरणपोळीसारखीच, पण वेगळी' एवढ्यावर विषय संपायचा.

पारशी गुजरातीत दार म्हणजे डाळ. शुभप्रसंगी पारशी घरात वरणभातासारखं 'धानदार' होतं, त्यातली तीच ही दार. पोरी म्हणजे पोळी. पण नावावर विसंबून कुणी पानात तुपाची धार मागितली तर फसेल. ही पोरी वीतभर रुंद, अंगठ्याच्या पेराएवढी जाड आणि रंगाने नानकटाईसारखी फिकट असते. सुरीने केकसारखे त्रिकोणी तुकडे करून ती चहाबरोबर खातात. सुरी लावली की वरचं कवच चुरचुरतं, खाली घट्ट पिवळं पुरण दिसतं. त्यात चारोळ्या, बेदाणे, बदामाचे काप आणि मधूनच एखादी पाकवलेली लाल चेरी. वेलची-जायफळाचा वास आपल्या ओळखीचा. त्याच्या मागून येणारा गुलाबपाण्याचा मात्र पाहुण्यासारखा वाटतो.

सुनेची आणि या पोरीची गाठ घातली ती गिरणीच्या संपाने. १८ जानेवारी १९८२ला मुंबईतले सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. तिचे वडील त्यांतले एक. वर्ष उलटलं तरी भोंगा वाजेना, तेव्हा चाळीतल्या बायका मिळेल त्या कामाला लागल्या. कुणी पापड लाटले, कुणी डबे केले. ती सतरा वर्षांची होती. शेजारच्या मावशींनी तिला दादरच्या पारशी कॉलनीतल्या एका बाईंकडे नेलं. बाई घरून जेवणाच्या आणि खाऊच्या ऑर्डरी घेत. चाळीपासून कॉलनी जेमतेम पंधरा-वीस मिनिटं चालण्याच्या अंतरावर. पण फाइव्ह गार्डन्स ओलांडलं की रस्त्यावरचा आवाजच बदलायचा. तिथे दुपारी झाडांवरचे पक्षी ऐकू येत.

पहिले दोन महिने तिच्याकडे बदाम सोलणं आणि कांदे चिरणं. नवरोजच्या आठवड्यात तिला कढईपाशी उभं केलं, आणि आत काय आहे ते बघून तिला हसूच आलं. पुरण! ते तर ती नवव्या वर्षापासून घाटत होती. फक्त गुळाऐवजी साखर आणि हरभऱ्याऐवजी तूर. "हे मला येतं," ती म्हणाली. बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. "पहेले जो ने दीकरी, पछी बोल."

बघायचं काय होतं, ते तिला पाच महिन्यांनी, ऑगस्टातल्या पतेतीला कळलं. बाईंना ताप होता आणि चोवीस पोऱ्यांचं पुरण तिने एकटीने केलं. आईने शिकवलेली खूण तिच्या हातात होती: कढईत डाव उभा राहिला की पुरण झालं. डाव उभा राहिला, तिने गॅस बंद केला, गोळे भरले, पोऱ्या ओव्हनमध्ये सरकवल्या. अर्ध्या तासाने कडांना भेगा पडल्या, त्यांतून पाक बाहेर आला आणि ट्रेवर जळून काळा कुळकुळीत चिकटला. चोवीसांतल्या सतरा फुटल्या. ट्रे खरवडताना तिच्या नखाखाली फोड आले. पैसे कापतील म्हणून ती रडत होती. बाईंनी पैसे कापले नाहीत, पण फुटलेली एकेक पोरी उघडून तिच्यासमोर ठेवली. आतलं पुरण ओलं, वरचं कवच खालून चिवट.

पुरण तव्यासाठी बरोबर होतं. तव्यावर पोळी पातळ असते, दोन-तीन मिनिटांत उलटते, आतल्या ओलाव्याची वाफ तिला फुगवते आणि निघून जाते. तो ओलावाच पोळी मऊ ठेवतो. पोरी जाड, चारी बाजूंनी बंद, आणि पाऊण तास आचेत. तेवढ्या वेळात आतलं पाणी वाट शोधतंच. म्हणून बाईंची परीक्षा वेगळी होती. पुरणाचा लिंबाएवढा गोळा त्या खाकी कागदावर ठेवत आणि दहा मिनिटं दुसरं काम करत. गोळा उचलल्यावर कागदावर तुपाचा डाग दिसला तर चालेल. कागद ओला होऊन सुरकुतला तर पुरण परत कढईत.

आज ती कागद ठेवत नाही, वजन करते. अर्धा किलो तुरीची डाळ, अर्धा किलो साखर, शंभर ग्रॅम तूप. शिजलेलं पुरण कढईसकट काट्यावर चढतं, कढईचं वजन वजा होतं आणि आकडा एक किलो तीनशेवर आला की गॅस बंद. त्यात चार पोऱ्या होतात. वेलचीची पूड आणि किसलेलं जायफळ पुरण कोमट झाल्यावर, गुलाबपाणी सगळ्यांत शेवटी. माहेरी 'रुचिरा' हे पाककृतींचं पुस्तक होतं आणि वाटी-चमच्याच्या मापाने तिचं कधी अडलं नव्हतं. पण वाटीत तूप दाबून भरलं की सैल, हे ज्याचं त्याचं असतं. तव्यावर चूक झाली तर पुढची पोळी सुधारता येते. ओव्हनमध्ये एकदा दार लावलं की चूक शिजूनच बाहेर येते.

पारीच्या बाबतीत मात्र शिकवणारी ती होती. बाई मैदा तुपाचं मोहन घालून घट्ट भिजवत, लांब पट्टी लाटत, तिच्यावर तूप आणि तांदळाची पिठी यांचं मिश्रण फासत आणि पट्टीची गुंडाळी करत. गुंडाळीचे तुकडे उभे ठेवून दाबायचे, त्याची वाटी करायची, आत पुरण. "हा तर साटा!" ती म्हणाली. दिवाळीत साट्याच्या करंज्या आणि चिरोटे याच रीतीने होतात. बाईंचे पदर जाड यायचे, कारण त्या तूप पातळ करून लावत. मुंबईच्या उकाड्यात ते पिठात मुरायचं आणि पदर एकमेकांना चिकटायचे. तिने आईसारखं तूप परातीत घेतलं, परात बर्फाच्या पाण्यावर ठेवली आणि तळहाताने ते पांढरं, हलकं होईपर्यंत फेसलं. त्या दिवसापासून साटा तिच्याकडे आला.

हा साटा विलायती पेस्ट्रीपेक्षा वेगळा का वागतो, तेही तिला पुढे उमगलं. पफ पेस्ट्रीत लोणी असतं. बाजारातल्या लोण्यात साधारण सोळा टक्के पाणी असतं. भट्टीत त्याची वाफ होते आणि पदर उंच उचलले जातात. तुपातलं पाणी कढवतानाच उडून गेलेलं असतं. त्यामुळे साट्याचे पदर फुगत नाहीत, नुसते सुटतात आणि खुसखुशीत होतात. जड पुरणावर असंच झाकण हवं. एकदा तिने हौसेने बाजारची तयार पफ पेस्ट्री वापरून पाहिली. कवच वर टोपीसारखं उठलं, पुरण तळाशी बसलं आणि मधे पोकळी राहिली.

पुरण गुजरातकडचं, हे सांगायला पंडित नको. गुजरातेत पुरणपोळीला वेडमी म्हणतात आणि तिच्यात तुरीचीच डाळ असते. पारशी तिथे हजारावर वर्षं राहिले; शेजारची डाळ त्यांच्या चुलीवर येणारच. पण पोरीचं केकसारखं रूप आणि ते भाजणारी बंद भट्टी हा वेगळ्या घराण्याचा वारसा आहे. सुरतेत डच व्यापाऱ्यांची वखार होती आणि त्यांच्या पावासाठी भट्ट्या होत्या. डच गेले तेव्हा एक भट्टी फरामजी पेस्तनजी दोटीवाला या पारशी कामगाराकडे आली, अशी हकीकत सुरतेत सांगतात. दोटीवाला बेकरी १८६१ची. पाव ताडीने आंबवलेला, म्हणून स्थानिक लोक तो घेईनात. मग ताडी आणि अंडी वगळून, तूप घालून जे घडत गेलं त्यातून सुरतेची नानकटाई आली, असं त्या हकिकतीचं पुढचं टोक. मुंबईत १९२८ साली सुरू झालेल्या रतन टाटा इन्स्टिट्यूटने गरजू पारशी बायकांना शिवण-टिपणाबरोबर स्वयंपाकाचंही काम दिलं, आणि घरातले असे पदार्थ दुकानाच्या काचेमागे आले.

भट्टीची ओळख चाळीतल्या मुलीलाही नव्हती असं नाही. दिवाळीच्या आधी नायगाव-लालबागच्या बायका रवा, मैदा, पिठीसाखर आणि डालडा घेऊन बेकरीत रांग लावत. पत्र्याच्या ट्रेवर नानकटाई थापायची, चिठ्ठीवर नाव लिहून ट्रेला लावायची आणि आपला ट्रे दुसऱ्याच्या ट्रेबरोबर जाऊ नये म्हणून राखण करायची. हे राखणीचं काम तिच्याकडे असे. भट्टीचं तोंड तिने पाहिलं होतं. आत काय घडतं हा भट्टीवाल्याचा प्रांत होता.

बाईंकडे तो प्रांत तिच्या वाट्याला आला आणि तिथेच ती सगळ्यांत जास्त अडखळली. तव्यावर वाढलेल्या बाईला बघत राहायची सवय असते. कडा सुटली, फुगा आला, डाग पडला, उलट. ओव्हनचं दार ती दर पाच मिनिटांनी उघडायची, आतली आच पळायची आणि पोऱ्या वर कच्च्या, खाली कडक व्हायच्या. बाईंनी एक स्टूल आणलं, ओव्हनकडे पाठ करून ठेवलं आणि तिला त्यावर बसवून बदाम सोलायला दिले. "नाकाने बघ," म्हणाल्या.

आठवडाभर काही कळलं नाही. मग कळू लागलं. पहिली दहा मिनिटं नुसता पिठाचा वास येतो, कच्चा, पावसाळी. विसाव्या मिनिटाच्या आसपास तूप बोलायला लागतं. त्यानंतर बराच वेळ काहीच नवं घडत नाही. याच वेळात दार उघडायचा मोह होतो. शेवटी जायफळ येतं, आणि खोलीच्या उंबऱ्यापर्यंत वेलची पोचली की उठायचं. तेव्हा पोरी फिकट बदामी असते. आपल्या डोळ्याला ती कच्चीच वाटते, कारण पोळीवर खमंग तांबूस डाग हवेत असं आपला डोळा शिकलेला. पारशी डोळ्याला तोच डाग करपल्याची खूण. ही तडजोड तिला हाताने करता आली नाही; बरीच वर्षं ती मनातल्या मनात 'अजून थोडी' म्हणत राहिली आणि हात मात्र बाईंच्या सांगण्यावर चालला.

पुढे एकदा तिने गूळ वापरला. बाईंना न विचारता, चार पोऱ्यांपुरता. चव तिला स्वतःला फार आवडली. पण गूळ भट्टीत लवकर रंग धरतो आणि हवेतला दमटपणाही ओढतो. तिसऱ्या दिवशी कवच मऊ पडलं होतं, तळ चिकट झाला होता. साखरेची पोरी त्या तीन दिवसांत तशीच खुटखुटीत. बाईंनी गुळाची पोरी खाल्ली, दुसरा तुकडा घेतला आणि म्हणाल्या, "घरमां खावानी छे. वेचवानी नै." तिने गुळाचा हट्ट तिथेच सोडला. घरी मात्र भावाच्या वाढदिवसाला अजून तीच होते.

बाईंची वही गुजराती लिपीत होती. आकडे तिने आधी ओळखले, मग साखर, तूप, एलची. वहीत कुठेही तापमान नव्हतं. 'धीमी आंच' आणि पुढे कंसात एक शब्द, 'उपर-नीचे'. तो काय, हे विचारल्यावर बाईंनी नवसारीची गोष्ट सांगितली. त्यांच्या लहानपणी घरी ओव्हन नव्हता. आई सगडीवर कल्हईची लंगडी ठेवायची, तळाशी वाळू, वाळूवर ताटली, ताटलीत पोरी. वर जड झाकण आणि झाकणावर निखारे. निखारे किती, हे झाकणावर पाण्याचे थेंब उडवून ठरायचं.

ती ऐकत राहिली. झाकणावरचे निखारे तिने पाहिले होते. राजापूर तालुक्यातल्या गावी, गणपतीच्या दिवसांत, मांडवावरचं तवसं (काकडी) पिकलं की आजी धोंडस करायची. किसलेलं तवसं, तांदळाचा रवा, गूळ, जाड बुडाचं भांडं, आणि वर झाकणीत निखारे. धोंडसाला वरून तांबूस साय धरली पाहिजे, ती खालच्या चुलीने धरत नाही. गोव्यात बेबिंकाचा एकेक थर असाच वरच्या आचेवर भाजत आणला जातो, हे तिला फार पुढे, एका गोवेकर गिऱ्हाइकाकडून कळलं. ज्या गोष्टीला ती इतकी वर्षं 'त्यांची' समजत होती, तिचं अर्धं काम आजीच्या पडवीत चालायचं. तिने बाईंना धोंडसाचं सांगितलं. बाईंनी तवश्याचा केक म्हणजे काय, हे तीनदा विचारलं आणि नाक मुरडलं.

१९९९ साली बाईंनी काम थांबवलं. लेक परदेशी, गुडघे गेलेले. वही आणि लाकडी लाटणं तिला दिलं. गोल ॲल्युमिनियमचा जुना ओव्हन मात्र भंगारात गेला, कारण त्याची कॉइल आता मिळत नव्हती. तिने हप्त्यावर ओटीजी घेतला आणि चाळीतल्या खोलीत कपाटाशेजारी बसवला. वायरिंग जुनं. ओव्हन चालू असताना मिक्सर लावायचा नाही आणि कुणी इस्त्रीचं नाव काढायचं नाही, हा घरातला पहिला कायदा झाला. जुनी गिऱ्हाइकं बाईंच्या शब्दावर तिच्याकडे आली. पोऱ्या पोचवायला ती स्वतः जायची. दारात उभी राहून खोक्याचं झाकण उघडून दाखवायची. एका आजोबांनी नाव विचारलं, मग आडनाव, मग पोरीचा तुकडा तोंडात टाकला आणि पुढे काहीच विचारलं नाही.

गिऱ्हाइकं कमी होत गेली, यात तिचा दोष नव्हता. २०११च्या जनगणनेत देशभरात ५७,२६४ पारशी होते. कुर्ल्याच्या एखाद्या वॉर्डात याहून जास्त माणसं राहतात. यादीतलं एकेक नाव गळालं की ती वहीत त्यापुढे रेघ मारत नाही, नुसतं पुढे लिहीत नाही. त्या जागी आता नवी माणसं येतात. कुणाला 'पुरणपोळीचे कपकेक' हवे असतात, कुणाला दारनी पोरीवर चॉकलेट. एका लग्नासाठी मोदकाच्या आकारात करून द्याल का, असंही विचारलं गेलं. आकाराला तिची हरकत नव्हती. तिने दोन करून पाहिले. कळ्यांच्या टोकाला कवच पातळ झालं, तिथेच जळलं, आणि बुडाशी पुरण थंडच. तिने ऑर्डर घेतली नाही. लोक ज्याला फ्यूजन म्हणतात, त्याचा हिशेब ती असा करते: आतलं आणि बाहेरचं एकाच वेळी शिजतंय का? शिजत असेल तर चॉकलेटसुद्धा चालेल.

होळीच्या त्या दिवशी सोळा पोऱ्या व्हायच्या होत्या. ओटीजीत एका खेपेला दोन मावतात. म्हणजे आठ खेपा, प्रत्येकी पाऊण तास. सकाळी दोन्ही पुरणं झाली: आधी देवाचं, गुळाचं, डाव उभा राहीपर्यंत, मग कढई घासून दुसरं, चार घाण्यांत, दर वेळी काट्यावर तेराशेपर्यंत. दुपारी लेकीने साटा फेसला. तिचा हात हलका आहे. फक्त मधे मोबाइल बघते आणि तूप सैल होतं. चार वाजता पहिली खेप आत गेली. सहाला सासूबाईंनी तवा चढवला आणि मग दोन तास खोलीत दोन्ही विस्तव चालले. एकीकडे पोळी फुगत होती, उलटत होती, तुपात चरचरत होती. दुसरीकडे बंद दारामागे काही दिसत नव्हतं आणि सून तिकडे पाठ करून बसली होती.

नैवेद्य झाला, चाळीच्या पटांगणात होळी पेटली. पोरांनी नारळ टाकले आणि काठ्यांनी बाहेर ओढले. साडेनऊच्या सुमाराला सातवी खेप बाहेर आली, तिच्यातली एक पोरी कडेला चिरली होती. ती विकायची नव्हती. सासूबाईंनी गार होण्याची वाट न बघता कवचाचा तुकडा मोडला, पदर बोटांनी सुटे केले, एकेक तोंडात टाकला. "साटा बरा सुटलाय," त्या म्हणाल्या. मग पुरणात बोट घातलं. "गोड जास्त."

आठवी खेप आत होती. शेवटची सात मिनिटं ती वरची कॉइल लावते. बटण फिरलं, काचेआड पोऱ्यांच्या डोक्यावर लाल रेघ पेटली. सासूबाई गुडघ्यांवर हात ठेवून वाकल्या आणि काचेतून बघत राहिल्या. इतक्या वर्षांत त्यांनी या पेटीत कधी डोकावलं नव्हतं.

"वरून पण विस्तव असतो?"

"असतो की."

"मग धोंडसासारखंच की गो," त्या म्हणाल्या, आणि चिरलेल्या पोरीचा उरलेला भाग ताटलीत घेऊन, सकाळी दुधात कुस्करून खायला, झाकून ठेवला.